लेख मायेव्स्कीच्या तीन डीव्हीडी घेतल्या, त्यांचा रिव्ह्यू

गेल्या महिन्यात मी तीन डीव्हीडी घेतल्या, तिन्ही वापरलेल्या, तिन्ही ऑनलाइन एकाच विक्रेत्याकडून आणि तिन्ही एकाच माणसाच्या पिक्चरच्या. पोलिश दिग्दर्शक लेख मायेव्स्की. नाव खरंच 'लेख' असंच म्हणतात, मराठी माणसाच्या तोंडात पटकन बसतं. मी मूळचा कोल्हापूरचा, सहा वर्षं झाली पोलंडमधल्या कातोवित्सेत नोकरीला आहे, आणि हा माणूस याच गावात १९५३ साली जन्मला हे मला इथे येऊन चार वर्षं झाल्यावर कळलं, तेही ऑफिसातल्या एका मित्रानं जेवताना सांगितलं म्हणून. पोलिश सिनेमा म्हटलं की आपल्याकडे फिल्म सोसायटीवाले चारपाच ठरलेली नावं घेतात, त्यात हे नाव मी कधी ऐकलं नव्हतं. म्हणून इतकं लांबलचक लिहितोय. कुणाला घ्यायच्या असतील तर काय घ्यावं, कशी बघावी, काय अपेक्षा ठेवू नये, सगळं सांगतो.

आधी वस्तूबद्दल, मग माणसाबद्दल.

तीन डिस्क अशा: 'म्विन ई क्शिश' (इंग्रजीत द मिल अँड द क्रॉस, म्हणजे गिरणी आणि क्रूस), 'अँजेलस' आणि 'वोयाचेक'. मिळून ऐंशी झ्वॉटी (इथलं चलन) गेले, टपाल वेगळं. वर्णनात लिहिलं होतं स्थिती खूप चांगली. अँजेलस आणि वोयाचेक खरंच चांगल्या निघाल्या, पण गिरणीवाल्या डिस्कवर बाहेरच्या कडेला दोन लांब ओरखडे होते आणि ती तीन जागी अडकली. फोटोत ते दिसत नव्हते कारण फोटो कव्हरचा होता, डिस्कचा नव्हताच. वापरलेली डिस्क घेताना मागच्या चमकत्या बाजूचा फोटो मागून घ्या, हे पहिलं सांगणं. मी लिहिल्यावर त्यांनी निम्मे पैसे परत दिले, वाद घातला नाही, पण आधी सांगितलं असतं तर बरं वाटलं असतं.

दुसरं सांगणं भारतात बसून मागवणाऱ्यांसाठी. डीव्हीडी कुठल्या प्रदेशात चालेल त्याचा कोड असतो, त्याला रीजन म्हणतात; पोलंडची डीव्हीडी रीजन २ ची असते, आपली रीजन ५. टीव्हीच्या चित्राची सिस्टिम दोन्हीकडे पालच (PAL), त्यामुळे चित्र नीट येतं, पण प्लेअर सगळ्या रीजनचा नसेल तर डिस्क उघडणारच नाही. ब्लू-रे घेणार असाल तर वेगळा घोळ: अमेरिकेची ए, युरोपची बी आणि भारत सी मध्ये. तेव्हा आधी आपला प्लेअर काय काय घेतो ते बघा. तिसरं, मेनू पोलिशमध्ये असतो. 'नापिसी' म्हणजे सबटायटल, 'यॅझिक' म्हणजे भाषा आणि 'लेक्टर' दिसलं तर ते निवडू नका! लेक्टर हा इथला खास प्रकार आहे, मूळ आवाज बारीक करून त्यावर एकच पुरुष सगळ्या पात्रांचे संवाद सपाट आवाजात वाचत जातो, बाईचे, पोराचे, म्हाताऱ्याचे सगळे. इथल्या लोकांना त्याची लहानपणापासून सवय आहे, त्यांना त्यात काही वावगं वाटत नाही. पण मायेव्स्कीच्या पिक्चरवर लेक्टर लावला तर तुम्ही अर्धा पिक्चर फेकून दिला असं समजा, कारण या माणसाचं अर्धं काम कानासाठी आहे.

आणि मला मुख्य सांगायचंय ते हेच. त्याच्याबद्दल जे काही वाचायला मिळतं त्यात सगळे चित्रकार-दिग्दर्शक, चित्रकार-दिग्दर्शक करत असतात, पेंटिंगसारख्या फ्रेम, पेंटिंगसारखा प्रकाश, आणि ते खरंही आहे, पण तो स्वतःच्या बऱ्याच पिक्चरचा संगीतकारही आहे, युझेफ स्कशेकच्या जोडीने, आणि ही गोष्ट लोक एका ओळीत उरकतात. मी पहिल्यांदा 'म्विन ई क्शिश' लॅपटॉपच्या स्पीकरवर बघितला होता, कुठल्यातरी साइटवर, आणि मला तो सुंदर पण थंड वाटला. परवा डिस्कवरून चांगले हेडफोन लावून बघितला तर तो दुसराच पिक्चर होता.

सांगतो कसा ते. हा पिक्चर एका चित्रावर आहे, पीटर ब्रूगेल या फ्लेमिश चित्रकाराचं १५६४ चं चित्र, व्हिएन्नाच्या कुन्स्टहिस्टोरिशेस म्युझियममध्ये आहे, साधारण सव्वा मीटर उंच आणि एक मीटर सत्तर सेंटिमीटर रुंद. येशूला क्रूस घेऊन वधाच्या जागेकडे नेतायत, पण ब्रूगेलने ते घडवलंय आपल्याच काळातल्या फ्लँडर्समध्ये (आजच्या बेल्जियमकडचा भाग), स्पेनच्या राजाच्या सत्तेखाली, आणि येशूला घेऊन जाणारे शिपाई आहेत लाल अंगरख्यातले घोडेस्वार, जे त्या वेळी तिथल्या लोकांना खरोखर छळत होते. चित्रात पाचशेच्या आसपास माणसं आहेत. येशू बरोब्बर मधे आहे आणि तरी पटकन सापडत नाही, कारण आजूबाजूला सगळे आपापल्या उद्योगात आहेत, पोरं खेळतायत, कुणी बाजाराला निघालंय, कुणी भांडतंय. आणि या सगळ्याच्या वर एका अशक्य उंच सुळक्याच्या टोकावर एक पवनचक्की आहे. तिथपर्यंत धान्य कोण नेणार, पीठ खाली कसं येणार, काही अर्थ लागत नाही. पिक्चर म्हणतो की तो गिरणीवाला म्हणजे वर बसून सगळं बघणारा देव, आणि तो जगाचं पीठ दळतोय.

मायकल फ्रान्सिस गिब्सन नावाच्या कलासमीक्षकाने या एका चित्रावर अख्खं पुस्तक लिहिलंय, आणि पटकथा त्याने आणि मायेव्स्कीने मिळून केलीय. पिक्चर २०११ च्या सनडान्स फिल्म फेस्टिव्हलला पहिल्यांदा दाखवला. ब्रूगेल झालाय रुटगर हाउअर, शार्लट रॅम्पलिंग येशूची आई मेरी आहे आणि मायकल यॉर्क हा अँटवर्पचा श्रीमंत व्यापारी योंगेलिंक, ज्याच्याकडे ब्रूगेलची कितीतरी चित्रं होती. कॅमेरा मायेव्स्कीने स्वतः आणि अॅडम सिकोराने मिळून सांभाळलाय. माणसं निळ्या पडद्यासमोर उभी करायची, मागे मायेव्स्कीने स्वतः रंगवलेला मोठा पडदा, त्यात पोलंडच्या जुरा भागातले चुनखडीचे सुळके, त्यावर न्यूझीलंडमध्ये शूट केलेले ढग, हे सगळं थरावर थर लावून एक फ्रेम तयार करायची. तांत्रिक माहिती हवी त्याला डिस्कवर मेकिंग आहे, वीसेक मिनिटांचं, बघण्यासारखं आहे, पण पिक्चरनंतर बघा.

आता आवाज. पिक्चर सुरू होतो, थोड्या वेळाने पहाट होते, गिरणीवाला उठतो, त्याचा पोऱ्या जिने चढत वर जातो, ब्रेक सोडतो आणि ती लाकडी चाकं फिरायला लागतात. प्रचंड लाकडी दाते एकमेकांत अडकत, कुरकुरत, कण्हत, आणि मग खालचा दगड. संवाद एक नाही. मी हेडफोन लावून बसलो होतो, आणि तो दगडाचा आवाज आल्यावर मी पिक्चर थांबवला, कारण तो आवाज मी ओळखतो. माझी आजी पन्हाळ्याच्या पायथ्याच्या गावातली, तिच्याकडे जातं होतं, नाचणी आणि मेतकूट ती त्याच्यावरच करायची, गावात गिरणी असूनसुद्धा. जातं सुरू होताना पहिल्या दोन फेऱ्या कोरड्या असतात, दगडावर दगड, आणि मग मुठीतलं धान्य पडलं की आवाज जाड होतो, भरतो. बरोब्बर ते. त्याच्यावर ती ओवी धरायची, आणि ओवीची चाल जात्याच्या फेरीतूनच यायची, हाताला ओढ बसते तिथे शब्द लांबायचा. गाणं वेगळं आणि दळण वेगळं असं नव्हतंच.

मायेव्स्की आणि स्कशेक इथे तेच करतात असं मला वाटतं. गिरणीचा आवाज हाच पिक्चरचा ठेका आहे. वारा, पायऱ्यांवरची पावलं, घोड्यांच्या टापा, बैलगाडीचं चाक, पोरांचा कालवा, हे सगळं त्या ठेक्यात बसवलंय, आणि संगीत म्हणून जे वाजतं ते फार थोडं आहे आणि कुठून सुरू झालं ते कळत नाही. बॅकग्राउंड म्युझिक लावून तुम्हाला रडा म्हणून सांगणारा प्रकार नाही. एक कोवळं जोडपं पहाटे वासरू घेऊन बाजाराला निघतं, लाल अंगरखेवाले येतात, नवऱ्याला पकडतात, मारतात, एका चाकाला बांधून उंच खांबावर चढवतात आणि कावळे येतात. बायको खाली बसून आहे. इथे दुसऱ्या कुणीही व्हायोलिनं लावली असती. इथे वारा आहे आणि कावळे आहेत. मला ते बघवलं नाही, ऐकवलं तर त्याहून नाही.

आणि मग तो प्रसंग, ज्याच्यासाठी डिस्क घ्या म्हणतोय. क्रूसाची मिरवणूक मध्यावर आलीय, ब्रूगेल वर बघून हात करतो, गिरणीवाला वरून बघतो आणि चक्की थांबवतो. सगळं थांबतं. माणसं, घोडे, गाड्या, जो जिथे आहे तिथे. माझी डिस्क आधी अडकली होती ना, तर मला खरंच वाटलं परत अडकली, मी रिमोट हातात घेतला, आणि मग दिसलं की कोपऱ्यात घोड्याची शेपटी हलतेय, कुणाच्या तरी टोपीचं फडकं वाऱ्यानं उडतंय. म्हणजे फ्रेम थांबवलेली नाहीये, माणसं थांबलीयत. आणि दीड तासातला जवळपास पहिला क्षण की गिरणीचा आवाज नाहीये. तोवर तुमच्या कानाला त्या आवाजाची इतकी सवय झालेली असते की तो गेल्यावर पोटात खड्डा पडतो. हे चित्रकाराला सुचणारं नाही हो, हे संगीत करणाऱ्याला सुचतं, शांतता कुठे ठेवायची ते.

पिक्चरमध्ये उणं काय, तेही सांगतो. बोलणं. मायकल यॉर्कच्या तोंडी जी मोठी मोठी वाक्यं आहेत, स्पेनचा राजा असा आणि आमची अवस्था अशी, ती भाषणासारखी वाटतात, आणि ब्रूगेल आपलं चित्र समजावून सांगतो तेव्हाही थोडं वर्गात बसल्यासारखं होतं. कोळ्याच्या जाळ्याकडे बघून तो चित्राची मांडणी ठरवतो तो प्रसंग मात्र सुरेख, कारण जाळं दिसतं, दव दिसतं, पुढचं आपल्याला आपोआप कळतं. जिथे गप्प बसलेत तिथे पिक्चर उंच जातो, बोलायला लागले की जमिनीवर येतो. तरी शेवट, कॅमेरा त्या चित्रातून मागे मागे येत म्युझियमच्या खोलीत येतो आणि ब्रूगेलची बाकीची चित्रं भिंतीवर दिसतात, रात्रीची रिकामी खोली, तो मी तीनदा बघितला. डीव्हीडीवर आकाशाच्या निळ्या छटांमध्ये पट्टे दिसतात, अंधारात गिरणीच्या आतला तपशील बुजतो, त्यामुळे जमत असेल तर हा एक पिक्चर ब्लू-रेवरच घ्या. बाकीच्या दोनसाठी डीव्हीडी पुरते.

आता हा स्कशेक कोण ते सांगायलाच पाहिजे, कारण मायेव्स्कीच्या संगीताची निम्मी बाजू तो आहे. युझेफ स्कशेक १९४८ चा, कातोवित्सेला लागूनच असलेल्या श्येम्यानोवित्सेचा. एसबीबी नावाच्या बँडचा संस्थापक. सुरुवातीला अर्थ होता सायलेशियन ब्लूज बँड (सायलेशिया म्हणजे कातोवित्सेच्या आजूबाजूचा हा प्रदेश), पुढे पोलिशमध्ये त्याच अक्षरांचा अर्थ लावला शोध, मोड, घडव. सत्तरच्या सुरुवातीला हीच पोरं चेस्वाफ न्येमेनबरोबर वाजवायची, न्येमेन म्हणजे इथला फारच मोठा गायक. स्कशेक बेस वाजवतो, पियानो, मूग (Moog) नावाचा सिंथेसायझर आणि चर्चमधला ऑर्गन. कोळशाच्या खाणींचा हा प्रदेश, रॉक बँडमधला माणूस, चर्चचा ऑर्गन, हे सगळं एकत्र कसं काय असं वाटेल, पण इथे राहिलात की कळतं. इथे रविवारी अख्खी गल्ली चर्चला जाते आणि ऑर्गनचा आवाज लहानपणापासून कानात असतो. मायेव्स्कीच्या पिक्चरमध्ये जो लांब धरलेला सूर येतो, हलत नाही, फक्त त्याचा रंग बदलत जातो, तो मला कायम तिथूनच आलाय असं वाटतं.

या दोघांनी मिळून एक ऑपेराही केलाय, 'पोकुय सारेन', म्हणजे हरणांची खोली म्हणा हवं तर. मायेव्स्कीचा आत्मचरित्रात्मक ऑपेरा. नव्वदच्या मध्यावर इथल्याच बितोम शहरातल्या सायलेशियन ऑपेरात तो झाला आणि मग १९९७ साली त्याचा टीव्हीसाठी पिक्चर. एका साध्या फ्लॅटमध्ये आईबाप आणि मुलगा राहतात, घरातच ऋतू बदलतात, जमिनीतून गवत उगवतं, हरणं येतात. संवाद नाही, गाणं. पोलिश फ्लॅट म्हणजे काय ते मला आता पक्कं माहितीये, दोन खोल्या, अरुंद स्वयंपाकघर, खिडकीत रेडिएटर, त्यावर वाळत घातलेले मोजे, आणि त्यात गवत उगवतंय ही कल्पना मनातून जात नाही. हा माझ्याकडे नाहीये, मी तुकड्यातुकड्यात बघितलाय, म्हणून याला मार्क देत नाही.

दुसरी डिस्क, अँजेलस, २००१ चा. ही मला तिघांत सगळ्यात जवळची. कातोवित्सेतल्या यानुफ आणि निकिशोव्येत्स या खाणकामगारांच्या वस्त्यांमध्ये खरोखर एक गट होता, दिवसा खाणीत काम करायचे आणि वर आले की चित्रं काढायचे, आणि त्यांच्यातले काहीजण गूढविद्येच्या नादाला लागलेले. त्यातला सगळ्यात नावाजलेला तेओफिल ओच्येप्का, खाणीतला कामगार, शनी ग्रहावरचे प्राणी आणि जंगलं रंगवायचा, झगझगीत हिरवी, लाल, निळी. शाळेतलं चित्रकलेचं शिक्षण नाही. या लोकांवर पिक्चर आहे. त्यांचा गुरू मरताना भाकितं सांगून जातो, युद्ध येईल, लाल संकट येईल, आणि मग शनीवरून एक किरण येऊन पृथ्वी नष्ट करेल, तो अडवायला एक निष्पाप पोरगा पुढे उभा करायचा. पहिली दोन खरी होतात, हिटलर येतो, स्टालिन येतो. मग ही साधी माणसं किरणाच्या तयारीला लागतात, मनापासून.

पिक्चरची प्रत्येक फ्रेम त्या चित्रांसारखी, कॅमेरा बहुतेक वेळा हलत नाही, माणसं समोर बघत ओळीत उभी, रंग सपाट आणि चकचकीत. मजेशीर आहे, बऱ्याच जागी मी मोठ्यानं हसलो, पण मायेव्स्की या माणसांना हसत नाही, आणि ते फार महत्त्वाचं. वेडगळ वाटतील अशा लोकांकडे तो तितक्याच आदराने बघतो जितका ब्रूगेलकडे बघतो. आपल्याकडे वारीत, जत्रेत, अंगात येणाऱ्या बाईकडे बघताना किती कमी लोकांना हे जमतं. त्यात भाषा सायलेशियन, म्हणजे इथली बोली, जी माझ्या वॉर्सोच्या सहकाऱ्यालाही धड कळत नव्हती, तो माझ्याबरोबर बसून बघत होता आणि मधेमधे तोच मला विचारत होता की खाली इंग्रजीत काय लिहिलंय. सबटायटल वाचून गोष्ट कळते पण त्या बोलीचा हेल कळायला ऐकायलाच पाहिजे, म्हणून पुन्हा सांगतो, आवाज मूळ ठेवा.

बघून झाल्यावर दुसऱ्या दिवशी मी निकिशोव्येत्सला गेलो. लाल विटांच्या तीन मजली चौकांची वस्ती, गेल्या शतकाच्या सुरुवातीला खाण कंपनीने कामगारांसाठी बांधलेली, खिडक्यांच्या कडा लाल रंगवलेल्या, एका चौकातून दुसऱ्या चौकात कमानीखालून जायचं. आता तिथे कॅफे झालेत, फोटो काढणारे येतात. पण आतल्या एका चौकात गेलो तर दोन आज्या बाकावर बसलेल्या, मागे दोरीवर चादरी, आणि ती फ्रेम इतकी पिक्चरमधल्यासारखी की मी तिथेच उभा राहिलो. त्यातल्या एकीनं मला विचारलं, कुणाला शोधतोयस बाळा? मी मोडक्या पोलिशमध्ये अँजेलसचं नाव घेतलं तर ती म्हणाली, हो हो, ते खरंच होते, माझ्या वडिलांना माहीत होते. मी कोल्हापूरजवळचा म्हटल्यावर दुसरीनं वळिवड्याचं नाव घेतलं! त्यांच्या शेजारणीची मावशी लहानपणी तिथे कॅम्पात होती म्हणे. १९४३ ते ४८ मध्ये सुमारे पाच हजार पोलिश लोक, बहुतेक बायका आणि मुलं, आमच्या वळिवड्यात राहिली होती, हे आपल्याकडे लहानपणापासून ऐकलेलं, पण निकिशोव्येत्सच्या बाकावर बसून कुणी ते नाव उच्चारेल असं वाटलं नव्हतं. त्यांनी मला केक खायला घातला. हे रिव्ह्यूत बसत नाही मला माहितीये, पण डिस्क घेतली नसती तर मी त्या चौकात गेलो नसतो.

तिसरी, वोयाचेक, १९९९, काळापांढरा. राफाव वोयाचेक हा कवी मिकोवुफचा, तेही इथून जवळच, १९७१ मध्ये व्रोत्सवाफला वयाच्या पंचविशीत त्याने आयुष्य संपवलं. पिक्चरमध्ये त्याची भूमिका करतो क्शिश्तोफ शिफ्चिक, जो स्वतः कवी आहे, नट नाही. हा निर्णय मला फार आवडला, कारण तो अभिनय करतच नाही, नुसता असतो, आणि कविता म्हणतो तेव्हा ती पाठ केलेली वाटत नाही. पिणं, भटकणं, रिकाम्या रस्त्यावर उभं राहणं, पुन्हा पिणं. घटना फारशा नाहीत. हा सगळ्यांसाठी नाही, मन आधीच जड असेल तर आत्ता बघू नका, हे मी मनापासून सांगतोय. डिस्क चांगली, काळापांढरा रंग नीट उतरलाय, पण इंग्रजी सबटायटलमध्ये कवितांचं भाषांतर कामचलाऊ आहे, माझ्या पोलिश शिक्षिकेनं दोन ओळी समजावल्या तेव्हा कळलं किती सुटलंय.

बाकी या माणसाची कारकीर्द सांगायची तर एका दमात सांगतो, कारण ती सरळ रेषेत नाहीच. आधी वॉर्सोला चित्रकला शिकायला गेला, मग तरुणपणी व्हेनिसला जॉर्जोनेचं 'वादळ' हे चित्र बघताना त्याला वाटलं की आज हे काम सिनेमाच करू शकतो, आणि तो वूचच्या फिल्म स्कूलला गेला (लिहिताना लॉड्झ असं दिसतं, पण म्हणतात वूच). १९८० मध्ये 'रित्सेश', म्हणजे योद्धा, मध्ययुगातला, सोन्याच्या तारांची हार्प शोधायला निघालेला. बघा, पहिल्याच पिक्चरमध्ये एक वाद्य! मग पोलंडमध्ये मार्शल लॉ आला तेव्हा तो बाहेर, इंग्लंड, मग अमेरिका. लंडनला थेम्स नदीवर होमरची ओडिसी केली. रिओत जाऊन ब्रिटनच्या त्या प्रसिद्ध ट्रेन दरोड्यातल्या रॉनी बिग्जवर १९८८ मध्ये पिक्चर केला, पटकथेत खुद्द बिग्ज सामील, आणि संगीत कुणाचं, तर हान्स झिमरचं, नाव फार मोठं व्हायच्या आधी. बास्किया या चित्रकारावरचा जो १९९६ चा पिक्चर आहे, डेव्हिड बोवी ज्यात अँडी वॉरहोल झालाय, तो दिग्दर्शित केला ज्युलियन श्नाबेलने, पण कथा मूळ मायेव्स्कीची. मधे ऑपेरा बसवले, पोलिश संगीतकार पेंडेरेत्स्कीचासुद्धा. कादंबऱ्या, कविता वेगळ्याच. २००४ चा 'द गार्डन ऑफ अर्थली डिलाइट्स' त्याच्याच कादंबरीवर, व्हेनिसमध्ये, आजारी बाई आणि तिचा प्रियकर, छोट्या डिजिटल कॅमेऱ्यावर, कॅमेराही स्वतःच धरलेला, म्हणजे मोठमोठे देखावे रचणारा माणूस एकदम हातात कॅमेरा घेऊन बिछान्यापाशी बसला. २००६ मध्ये न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टने त्याच्या सगळ्या कामाचा मोठा कार्यक्रम केला.

नंतरच्यांपैकी २०१४ चा 'प्शे पोले' मी इथल्या जुन्या थिएटरात बघितलाय, २०१० च्या पोलंडवर, पूर, पोलंडचे राष्ट्राध्यक्ष ज्यात गेले तो स्मोलेन्स्कचा विमान अपघात, आणि त्यात दान्ते वाचणारा, अपघातातून वाचलेला तरुण, जो सुपरमार्केटमध्ये काम करतो. त्यात एक दृश्य आहे, सुपरमार्केटची फरशी फोडत बैल नांगर ओढतायत. नांगर धरलेला माणूस, बैल आणि दोन्हीकडे बिस्किटांचे रॅक. शेतकरी घरातल्या कुणालाही ते बघून काहीतरी होईल, मला झालं. 'व्हॅली ऑफ द गॉड्स' मात्र मला जमला नाही. जोश हार्टनेट, जॉन माल्कोविच, अमेरिकेतल्या नाव्हाहो आदिवासींची जमीन, युरेनियमची खाण, प्रचंड श्रीमंत माणूस, सगळं आहे आणि एकमेकाला धरून नाही. संगीत यान काचमारेकचं, ऑस्करवाला संगीतकार, काम सुंदर आहे, पण ते पिक्चरच्या वर ठेवल्यासारखं वाटतं, आतून आल्यासारखं नाही. कदाचित मी स्कशेकबरोबरच्या सुरांना फार सरावलोय. २०२१ च्या, फ्रेंच नटी ब्रिजित बार्दोवाल्या पिक्चरमध्ये तो पुन्हा आपल्या लहानपणाच्या कातोवित्सेत येतो, तो अजून डिस्कवर शोधतोय.

तर कोणती घ्यायची? एकच घेणार असाल तर 'म्विन ई क्शिश', ब्लू-रे, आणि रात्री, घरातले सगळे झोपल्यावर, हेडफोन लावून. फोनवर बघणार असाल तर राहू दे, खरंच. घरात लहान मुलं असतील तर त्यांच्यासमोर लावू नका, चाकावरचा प्रसंग आणि एका बाईला जिवंत पुरण्याचा प्रसंग त्यांच्यासाठी नाही. दुसरी घेणार असाल तर अँजेलस. वोयाचेक कविता वाचणाऱ्यांनी घ्यावी.

गेल्या रविवारी आईला व्हिडिओ कॉल लावलेला आणि मागे गिरणीचा तो पहाटेचा प्रसंग सुरू होता, मी ओरखड्यांच्या जागा तपासत होतो. आई बोलता बोलता थांबली आणि म्हणाली, अरे तिकडं कोण दळतंय? मी फोन टीव्हीकडे धरला. तिनं पूर्ण प्रसंग बघितला, पोऱ्या जिने चढतो तिथपासून पीठ पडेपर्यंत, काही बोलली नाही, मग म्हणाली, खुंटा सैल झालाय बघ त्यांचा, आवाजावरनं कळतंय.

विक्रेत्यानं निम्मे पैसे दिले त्यात थोडे घालून मी आता ब्लू-रे मागवलीय. आणि 'पोकुय सारेन' ची धड डिस्क किंवा त्या ऑपेराच्या संगीताची सीडी कुणाकडे असेल, वापरलेली चालेल, ओरखडे असले तर आधी सांगा, तर कळवा. टपालखर्च मी देतो.